काळाचे पहारेकरी आणि एका रकान्याची वही

ज्यांना ऐकण्यापेक्षा वाचणं सोयीचं पडतं त्यांच्यासाठी हा या भागाचा लेखी मजकूर. बोलतानाचे 'म्हणजे', 'अं' आणि मध्येच वाजलेली कुकरची शिट्टी काढून टाकली आहे. बाकी जसं बोललो तसं ठेवलंय.

आजचा विषय आहे काळाचे पोलीस. विज्ञानकथांमध्ये एक गुप्त संघटना पुन्हा पुन्हा भेटते. ती काळाच्या बाहेर कुठेतरी बसलेली असते, इतिहासावर नजर ठेवते आणि कुणी ढवळाढवळ केली की येऊन 'दुरुस्त' करून जाते. 'लोकी' बघितलेल्यांना टीव्हीए लगेच आठवेल. पण ही कल्पना टीव्हीएपेक्षा बरीच जुनी आहे, आणि जितकी दिसते तितकी साधी नाही.

एक इशारा आधीच देतो. मी 'लोकी' मालिकेचा आणि आयझॅक असिमोव्ह यांच्या 'द एंड ऑफ इटर्निटी' या कादंबरीचा शेवट सांगणार आहे. कादंबरी १९५५ सालची आहे, तेव्हा स्पॉयलरचा गुन्हा माफ व्हावा. तरीही कोरी वाचायची असेल तर इथेच थांबा, वाचून या. मी कुठे जात नाही.

पहारेकरी लागतातच कशाला?

टाइम मशीन असलेली कथा लिहायला बसलात की पहिल्याच पानावर एक अडचण येते. कुणीही मागे जाऊन काहीही बदलू शकत असेल, तर कुठलीच घटना पक्की राहत नाही. नायक आज जिंकला, उद्या कुणीतरी मागे जाऊन त्याला हरवलं, परवा तिसऱ्याने येऊन त्याच्या आजोबांचं लग्नच मोडलं. वाचकाने जीव लावायचा कशात?

यातून सुटायचे ढोबळमानाने दोन रस्ते. एक म्हणजे इतिहास बदलताच येत नाही असं ठरवून टाकायचं. तुम्ही मागे जाऊन जे काही कराल ते आधीपासून इतिहासात होतंच. दुसरा रस्ता म्हणजे इतिहास बदलता येतो, पण कुणीतरी त्यावर लक्ष ठेवून आहे. दुसरा रस्ता घेतला की लेखकाला पोलीस लागतात.

१९५५ या एकाच वर्षी अमेरिकेत दोन लेखकांनी असे पोलीस उभे केले. असिमोव्हची कादंबरी त्याच वर्षी आली आणि पोल अँडरसन यांची 'टाइम पेट्रोल' ही पहिली कथाही त्याच वर्षी मासिकात छापून आली. हिरोशिमाला तेव्हा दहा वर्षं झाली होती आणि शीतयुद्ध ऐन भरात होतं. एका बटणाने जगाचं काहीही होऊ शकतं हे ताजं ताजं कळलेल्या काळात, 'कुणीतरी शहाणं माणूस वर बसून हे सगळं सांभाळतंय' ही कल्पना किती हवीहवीशी वाटत असेल, विचार करा. आणि तितकीच भीतीदायकसुद्धा.

इंजिनिअरच्या डोक्यातून बघितलं तर

मी व्यवसायाने सॉफ्टवेअर इंजिनिअर. त्यामुळे टाइमलाइन हा शब्द ऐकला की मला आधी गिट आठवतं. ज्यांचा कोडशी संबंध नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. गिट हे कोडचा इतिहास सांभाळणारं साधन. तुम्ही केलेला प्रत्येक बदल म्हणजे एक कमिट. प्रत्येक कमिटला एक लांबलचक ओळख क्रमांक असतो आणि तो क्रमांक काढताना त्याच्या आधीच्या कमिटचा क्रमांकही धरलेला असतो.

आता गंमत बघा. समजा, शंभर कमिट आहेत आणि तुम्ही मागे जाऊन दहाव्यात एक स्वल्पविराम बदललात. मग अकराव्यापासून शंभराव्यापर्यंत सगळ्यांचे क्रमांक बदलतात. त्यांच्यात तुम्ही काहीही केलेलं नसतं, फाइलमध्ये ते दिसतातही तसेच, पण गिटच्या लेखी ते जुने कमिट राहिलेले नसतात. त्यांच्यासारखे दिसणारे नवे असतात.

आणि जुने? ते काही दिवस अडगळीत पडून राहतात. त्यांच्याकडे जाणारी वाट कुठल्याच ब्रँचवर उरलेली नसते. ठरावीक मुदत संपली की साफसफाई होते आणि ते कायमचे जातात. या साफसफाईच्या कमांडचं नाव आहे 'प्रून', म्हणजे छाटणी. टीव्हीएवाले नकोशा टाइमलाइनचं जे करतात, त्यालाही ते 'प्रून'च म्हणतात.

कोडच्या बाबतीत यात कुणाचं काही जात नाही. कमिटला आई नसते, भूक नसते. पण त्या कमिटच्या जागी एक शतक ठेवा, मग विषय गंभीर होतो.

असिमोव्हची इटर्निटी: डबा या फळीवरून त्या फळीवर

असिमोव्हच्या कादंबरीत 'इटर्निटी' नावाची संघटना आहे. २७व्या शतकात तिची स्थापना होते आणि तिथून पुढच्या हजारो शतकांमध्ये तिची ठाणी आहेत. 'केटल' नावाच्या वाहनात बसून तिचे लोक शतकांमधून लिफ्टसारखे वर-खाली करतात. बाहेरच्या सामान्य माणसांना वाटतं की ही शतकाशतकांमध्ये व्यापार करणारी एक संस्था आहे. खरं काम गुप्त. ते काम म्हणजे वास्तव बदलणं.

हे ऐकून कुणी दुष्ट लोक डोळ्यांपुढे आणू नका. ते सरकारी खात्यासारखे आहेत. निरीक्षक आहेत, समाजशास्त्रज्ञ आहेत, कुणाच्या आयुष्यावर काय परिणाम होईल याची गणितं मांडणारे आहेत. सगळ्यात वरच्या हुद्द्याला 'कॉम्प्युटर' म्हणतात, आणि तो माणूस असतो! नायक अँड्र्यू हार्लन हा टेक्निशियन, म्हणजे प्रत्यक्ष बदल करून येणारा. गणित दुसरे करतात, हात याचा लागतो. म्हणून त्याचे सहकारीच त्याला टाळतात, जेवताना शेजारी बसत नाहीत. कटू कामं करणाऱ्याला ती करायला लावणाऱ्यांनीच अस्पृश्य ठरवायचं, ही रीत आपल्याला काही नवी नाही.

त्यांचं तत्त्व असं, की हवा तो परिणाम कमीत कमी धक्क्यात साधायचा. हार्लनची पहिली कामगिरी बघा. २२३व्या शतकात जाऊन तो एका वाहनात किंचित बिघाड करतो. त्यामुळे एक तरुण एका व्याख्यानाला पोचत नाही. तो मग सौर-अभियांत्रिकीकडे वळतच नाही, एक साधा शोध दहा वर्षं लांबतो, आणि पुढच्या शतकातलं एक युद्ध घडतच नाही. युद्ध टळलं! सांगा, याला वाईट म्हणायचं कसं?

पण त्याच पुस्तकात दुसरी एक कामगिरी आहे. हार्लन २४५६व्या शतकात जातो आणि एक डबा एका फळीवरून उचलून दुसऱ्या फळीवर ठेवतो. एवढंच काम. हेतू चांगला आहे, त्या समाजातलं व्यसनाचं प्रमाण कमी करायचंय. आणि बदल झाल्या क्षणी, जिथे देखणी अवकाशयानं उभी होती त्या तळावर फक्त गंज उरतो. अवकाशप्रवास पुसला गेला. ज्यांनी ती यानं बांधली, ज्यांनी ती उडवली, त्यांच्यापैकी कुणी ओरडलं नाही. ओरडणार कोण? नव्या वास्तवात त्यांनी ती यानं कधी बांधलेलीच नव्हती.

हे एकदाच होत नाही. दर वेळी गणित मांडलं की उत्तर त्याच बाजूला झुकतं: अवकाशप्रवास महाग, धोक्याचा, अस्थिर. उडवा. त्यामागे कट नाही, कुणाचं वैरही नाही. दर वेळी सुरक्षित पर्याय निवडला जातो, एवढंच.

अँडरसनचं पेट्रोल: हिशोब करून पुसणारे

अँडरसनचा मॅन्स एव्हरार्ड वेगळ्या जातीचा. १९५४ सालच्या न्यूयॉर्कमध्ये नोकरी शोधणारा माजी सैनिक. वर्तमानपत्रातली एक साधी जाहिरात बघून मुलाखतीला जातो आणि थेट टाइम पेट्रोलमध्ये भरती होतो. प्रशिक्षणाची अकादमी कुठे? तर सुमारे तीन कोटी वर्षांपूर्वी, माणूस नावाचा प्राणी जन्मायच्या कितीतरी आधी. पेट्रोलबद्दल बाहेर बोलता येऊ नये म्हणून भरती झालेल्यांच्या मेंदूवरच बंधन घातलेलं असतं. गुप्ततेचा करार यापेक्षा कडक असूच शकत नाही.

या मालिकेतली 'डेलेंडा एस्ट' ही कथा मला सगळ्यात जास्त लागली. काही काळ-गुन्हेगार इ.स.पू. २१८ मधल्या तिकिनसच्या लढाईत जाऊन स्किपिओ बापलेकांना मारतात. तोच मुलगा पुढे हॅनिबलला हरवणार असतो. परिणामी रोम हरतं, कार्थेज जिंकतं. एव्हरार्ड आपल्या काळात यायला निघतो आणि उतरतो भलत्याच न्यूयॉर्कमध्ये. तिथे केल्ट वंशाच्या लोकांचं राज्य आहे, रस्त्यावर वाफेच्या गाड्या आहेत, विज्ञान मागे राहिलंय.

पण ते जग नकली नाही. तिथे लोक लग्नं करतात, भांडतात, म्हातारे होतात. एव्हरार्ड तिथल्या माणसांत राहतो, त्यांची भाषा बोलणारी एक मुलगी त्याच्या सोबत्याला आवडायला लागते. मग प्रश्न समोर उभा राहतो. मूळ इतिहास परत आणायचा तर हे सगळं जग मिटवावं लागणार. आणि नाही आणला, तर एव्हरार्डच्या जगातली माणसं कायमची गेलेली असतील.

तो मिटवतो. पण त्याला माहीत असतं की आपण काय करतोय. त्या एकट्या मुलीला ते बरोबर नेतात, बाकीचं जग जातं. अँडरसन एव्हरार्डला सहज सुटू देत नाही. या तिन्ही गोष्टींतला तो सगळ्यात सरळ पोलीस, आणि म्हणूनच त्याच्याकडे बघताना सगळ्यात जास्त त्रास होतो.

टीव्हीए: नाव बदललं की काम सोपं

टीव्हीए मार्व्हलच्या कॉमिक्समध्ये पहिल्यांदा आली १९८६ साली, वॉल्टर सिमन्सन यांच्या 'थॉर'मध्ये. आपल्यापैकी बहुतेकांना ती भेटली २०२१च्या 'लोकी' मालिकेत. जुन्या सरकारी कचेरीसारखं वातावरण, टोकन घ्या, रांगेत उभे राहा, आयुष्यभरात बोललेल्या प्रत्येक शब्दाच्या कागदांवर सही करा. हसू येतं. एका कारकुनाच्या ड्रॉवरमध्ये इन्फिनिटी स्टोन पडलेले असतात आणि ते तिथे पेपरवेट म्हणून वापरतात, तिथे तर खूपच.

हसता हसता एक शब्द निसटून जातो. 'पवित्र टाइमलाइन'पासून भरकटलेल्या माणसाला टीव्हीए 'व्हेरियंट' म्हणते. माणूस म्हणत नाही. एकदा असं नाव दिलं की छाटणी सोपी होते. पुढे कळतं की टीव्हीएचे सगळे कर्मचारीसुद्धा व्हेरियंटच आहेत, स्मृती पुसून कामाला लावलेले. मोबियस बिचारा जेट-स्कीच्या मासिकात रमतो, का आवडते ते त्यालाच ठाऊक नसतं. दुसऱ्या सीझनमध्ये एका प्रसंगात पडद्यावर टाइमलाइनच्या रेषा एकामागून एक विझत जातात. खोलीतल्या इतरांना रेषा दिसतात, बी-पंधराला त्यांतली माणसं दिसतात. तिच्या चेहऱ्यावर ते कळतं.

म्हणजे पुसलेल्यांचं काय, या प्रश्नाला तीन संघटनांची तीन उत्तरं झाली. इटर्निटी त्यांना मोजत नाही. पेट्रोल मोजतं, हळहळतं आणि तरीही पुसतं. टीव्हीए त्यांना असं नाव देते की मोजायचा प्रश्नच येऊ नये.

रेषा कुणाची?

आता तिन्ही गोष्टी शेजारी शेजारी ठेवा, एक साम्य दिसेल. हे पहारेकरी नेमकी कुठली टाइमलाइन राखतात?

पेट्रोल स्थापन केलंय डॅनेलियन नावाच्या, अतिदूर भविष्यातल्या आपल्याच वंशजांनी. जो इतिहास त्यांच्यापर्यंत पोचतो तो राखायचा. टीव्हीएच्या मागे 'ही हू रिमेन्स' बसलाय. त्याची पवित्र टाइमलाइन म्हणजे जिच्यात त्याचीच दुसरी रूपं जन्मणार नाहीत अशी. आणि इटर्निटीचं तर काय सांगावं! काळप्रवासाचा शोध २४व्या शतकात मॅलनसन नावाच्या माणसाने लावला, असं सगळे मानतात. प्रत्यक्षात इटर्निटीनेच एका शिकाऊ पोराला मागे पाठवायचं असतं. तो शोध शिकवणार, आणि पुढे तोच मॅलनसन म्हणून जगणार. संघटना स्वतःचा जन्म स्वतःच घडवते आणि त्यालाच इतिहासाचं रक्षण म्हणते.

थोडक्यात, तिघांचीही 'खरी' टाइमलाइन म्हणजे जिच्या शेवटी ते स्वतः उभे आहेत ती. ज्याच्या हातात हिशोबाची वही आहे, त्याचाच फायदा त्या वहीत लिहिलाय. हे लोक खोटारडे आहेत असं मी म्हणत नाही, इटर्निटीत मनापासून काम करणारी माणसं आहेत. पण प्रामाणिक माणसाच्या हातात अर्धी वही दिली तर बेरीज अर्धीच येणार.

टळलेलं भलं कुठे लिहितात?

त्या अर्ध्या वहीबद्दल जरा माझ्या कामातलं सांगतो.

बऱ्याच सॉफ्टवेअर कंपन्यांमध्ये एक चेंज बोर्ड असतो. लाइव्ह सिस्टिममध्ये कुठलाही मोठा बदल करायचा तर त्यांची मंजुरी लागते. मी ज्या टीममध्ये होतो तिथेही होता. त्यांचा फॉर्म भरायचा: काय बदलणार, काय मोडू शकतं, मोडलं तर मागे कसं फिरायचं. फॉर्म चांगला होता, आणि त्या बोर्डाने आम्हाला खरोखरच वाचवलंय, हेही सांगायला हवं. सणाच्या आदल्या संध्याकाळी पेमेंटच्या कोडला हात लावू न देणारा माणूस तुमचा शत्रू नसतो.

तर, बिलं भरायचं ॲप होतं. माझ्या एका सहकारी मुलीने त्यात स्क्रीन रीडरचा सपोर्ट घातला होता, म्हणजे दृष्टिहीन माणसाला फोन वाचून दाखवेल की हे 'रक्कम'चं खानं, हे 'पैसे भरा'चं बटण. बदल जवळजवळ प्रत्येक स्क्रीनला हात लावणारा, म्हणून रिस्क जास्त. बोर्डाने पुढे ढकलला. पुढच्या वेळी पुन्हा ढकलला. तिसऱ्या वेळी कुणीतरी विचारलं, आणि ते वाईट हेतूने विचारलं नव्हतं, 'पण याबद्दल युजरची एकतरी तक्रार आलीये का?'

नव्हती आली. येणार कशी? ज्यांना ॲप वापरता येत नव्हतं ते ॲपमध्ये नव्हतेच. त्यांनी एकदा उघडलं असेल, फोन नुसताच 'बटण, बटण, बटण' म्हणाला असेल, आणि त्यांनी काढून टाकलं असेल. मग शेजाऱ्याच्या मुलाला हाक मारून बिल भरलं असेल, आपला पिन त्याला सांगून. आमच्या कुठल्याही डॅशबोर्डवर हे दिसत नव्हतं. डॅशबोर्ड वापरणाऱ्यांचा होता.

तो सपोर्ट शेवटी गेला, कारण ती मुलगी चिवट होती. तिने बोर्डाकडे एकच मागितलं, फॉर्ममध्ये आणखी एक प्रश्न घाला: 'हा बदल अडवला तर कुणाचं काय अडून राहतं?' घातला त्यांनी. आता तो भरावा लागतो. फार मोठी क्रांती नाही झाली, पुढे ढकलणं अजूनही होतं. पण आता ढकलताना ते उत्तर वाचावं लागतं.

असिमोव्ह पुन्हा वाचताना मला हेच दिसलं. इटर्निटीच्या वहीत टळलेल्या युद्धांचा रकाना आहे, आवरलेल्या व्यसनांचा आहे. टळलेल्या भल्याचा रकाना नाही. संकट आलं तर त्याला नाव असतं, तारीख असते, मेलेल्यांचा आकडा असतो. जे भलं झालंच नाही त्याला नाव नसतं, आणि त्याच्या वतीने भांडायला कुणी जन्मलेलंच नसतं. मग दर वेळी प्रामाणिकपणे बेरीज करूनही उत्तर एकाच बाजूला झुकत जातं.

त्या झुकण्याची किंमत कादंबरीच्या शेवटी कळते. नोईस नावाची स्त्री, जिच्या प्रेमात हार्लन पडलाय, ती खरं तर अशा दूरच्या शतकांमधून आलीये जिथे इटर्निटीला शिरताच येत नाही. तिच्या लोकांनी पाहिलेलं असतं, की इटर्निटीच्या छायेत माणूस सुखात राहिला, आणि ताऱ्यांपर्यंत पोचला तेव्हा फार उशीर झाला होता. आकाशगंगेत इतरांनी आधीच घरं केली होती. माणसाला जागा उरली नव्हती. पृथ्वीवर परत येऊन तो हळूहळू खचला आणि संपला. युद्ध झालं नाही, स्फोट झाला नाही. आपल्यासाठी काही शिल्लक नाही हे कळलं, आणि तेवढं पुरलं.

मग नोईस बरोबर आहे का?

इथे टाळ्या वाजवून पुस्तक मिटता येईल, पण मला तसं करता येत नाही. कारण नोईस जे सुचवते ते स्वस्त नाही.

या कादंबरीचं बी कुठून आलं ते आधी सांगतो. १९५३ साली असिमोव्ह 'टाइम' साप्ताहिकाचे जुने अंक चाळत होते. १९३२च्या एका अंकातलं चित्र त्यांना क्षणभर अणुस्फोटाच्या ढगासारखं वाटलं. नीट बघितलं तर तो गरम पाण्याचा फवारा होता, ओल्ड फेथफुल नावाचा प्रसिद्ध झरा. पण डोक्यात किडा शिरला: १९३२ सालच्या अंकात खरंच अणुबॉम्बचा ढग असता तर? कादंबरीत तो शिकाऊ मुलगा १९३२मध्ये अडकतो आणि हार्लनला खूण पटावी म्हणून मासिकात जाहिरात देतो. त्यात तो ढग असतो आणि शब्दांच्या आद्याक्षरांतून 'ॲटम' लपवलेला असतो. त्या काळात ही खूण दुसऱ्या कुणाला कळणंच शक्य नाही.

म्हणजे पुस्तकाच्या मुळाशीच बॉम्ब आहे. आणि शेवटी नोईस काय करणार असते? १९३२च्या त्या जगातून इटलीतल्या एका माणसाला पत्र पाठवणार, म्हणजे तो युरेनियमवर न्यूट्रॉनचा मारा करून बघेल. वाचकाला फर्मीचं नाव आपोआप आठवतं. अणुयुग लवकर येईल, माणूस लवकर अवकाशात जाईल. बॉम्बची जोखीम स्वीकारून. हिरोशिमा झाल्यावर दहा वर्षांनी हे लिहायला हिंमत लागते, आणि वाचताना पोटात गोळाही येतो. हार्लन तिला थांबवत नाही. त्याची केटल नाहीशी होते, इटर्निटी नाहीशी होते.

माझी नोईसबद्दल एक तक्रार आहे. तीसुद्धा सगळ्या मानवजातीसाठी एक टाइमलाइन निवडतेच की! कुणाला विचारलं तिने? इटर्निटीच्या जगातले अब्जावधी लोक तिच्या एका निर्णयाने गेले. हिशोब तिच्याकडेही आहे, फक्त दुसऱ्या रकान्याचा. तिच्या बाजूने एकच गोष्ट बोलता येईल, की हा शेवटचा बदल होता. यानंतर कुणालाच मागे जाऊन पुसता येणार नाही. ती पहारेकऱ्याची खुर्ची बळकावत नाही, मोडून टाकते. मला हा फरक मोठा वाटतो. पुरेसा मोठा आहे का, यावर मी अजून स्वतःशी भांडतोय.

आपले गंगाधरपंत

मराठी वाचकाला इथे एक गोष्ट आठवायलाच हवी. जयंत नारळीकरांची 'गंगाधरपंतांचे पानिपत'. अनेकांनी ती अकरावीच्या इंग्रजीच्या पुस्तकात 'द ॲडव्हेंचर' म्हणून वाचली असेल. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे एका वेगळ्याच हिंदुस्थानात जाऊन पोचतात. तिथे १७६१ साली विश्वासरावांना गोळी लागलेली नाही, ती चाटून गेली. मराठे पानिपत जिंकलेत आणि पुढचा सगळा इतिहास वेगळा घडलाय. परत येताना पुराव्यादाखल त्यांच्या खिशात बखरीचं एक पान असतं.

आपल्याकडे पानिपतावरच्या जर-तरच्या गप्पा घरोघरी चालतात. एखादा मराठी टाइम पेट्रोलवाला १४ जानेवारीला तिथे पोचला, तर त्याने काय करावं यावर आपण रात्र जागवू. पण नारळीकरांच्या कथेत पोलीसच नाहीत! खरी रेषा कुठली आणि भरकटलेली कुठली, हा प्रश्नच ते विचारत नाहीत. क्वांटम सिद्धांताच्या आधाराने ते म्हणतात, दोन्ही जगं आहेत. ह्यू एव्हरेटने अनेक जगांची ही कल्पना भौतिकशास्त्रात मांडली १९५७ साली, म्हणजे असिमोव्हच्या कादंबरीनंतर दोन वर्षांनी. एका जगात पानिपत हरलं, एकात जिंकलं, कुणालाच पुसायची गरज नाही.

खिशातलं ते पान मला फार आवडतं. इटर्निटीने ते पहिल्यांदा जाळलं असतं. टीव्हीएने पानासकट गंगाधरपंतांना छाटलं असतं. नारळीकर ते पान टेबलावर ठेवतात आणि म्हणतात, बसा, समजून घेऊ हे कसं झालं ते. न घडलेल्या गोष्टीचा पुरावा खिशात घेऊन फिरणारा माणूस. चेंज बोर्डात असा एक तरी सभासद हवा.

जाता जाता

कुणी म्हणेल, टाइम मशीन तर नाहीच, मग एवढी चर्चा कशाला? मशीन नाही, पण डबा या फळीवरून त्या फळीवर ठेवणारे हात आहेत. मंजुऱ्या देणाऱ्या समित्या आहेत, काय दाखवायचं आणि काय नाही ते ठरवणारे अल्गोरिदम आहेत, आणि घरात 'उगाच रिस्क नको' म्हणणारी आपली प्रेमाची माणसं आहेत. बहुतेक वेळा हे सगळे बरोबरच असतात. पेट्रोलिंग नकोच असं मी म्हणणार नाही, मला रात्री तीन वाजता सर्व्हर पडल्याचा फोन आलेला चालत नाही.

माझं मागणं एवढंच, की वहीला दोन रकाने असावेत. दुसरा रकाना भरणं अवघड असतं, कारण त्यातली माणसं समोर येत नाहीत. ती शोधायला जावं लागतं.

'द एंड ऑफ इटर्निटी' वाचलं नसेल तर वाचा, दोनेक रविवारांत संपतं. शेवट मी सांगून टाकला असला तरी नोईस आणि हार्लनमधला तो शेवटचा संवाद वाचायलाच हवा. आणि वाचून झालं की मला एक गोष्ट नक्की कळवा: हार्लनच्या जागी तुम्ही असता, तर तिला थांबवलं असतं का?

भेटू पुढच्या भागात. तोवर नमस्कार.